नेपोलियन बोनापार्ट आणि प्रजेचा कौल

कौल हा शब्द आपल्या भाषेंत फार जुना आहे. कोंकणांतील कित्येक देवळांत भाविक लोक मूर्तीला तांदूळ किंवा फुलांच्या कळ्या लावून देवाचा कौल मागतात. एका बाजूची कळी पडली तर होकार, दुसऱ्या बाजूची पडली तर नकार, अशी समजूत असते. कौल मागणारा मनुष्य प्रामाणिक असेल, तर तो दोन्ही बाजूंच्या कळ्या सारख्याच सैल लावील. कारण नकार मिळण्याची वाटच बंद केली, तर मिळालेल्या होकाराला किंमत ती काय राहिली? राज्यकर्ते प्रजेकडे जो कौल मागतात, त्याचीही गोष्ट अशीच आहे. ज्यानें तलवारीच्या बळावर सत्ता हस्तगत केली आणि मागाहून चार वेळां प्रजेचा कौल घेतला, त्या नेपोलियन बोनापार्टचें चरित्र या दृष्टीनें पाहण्यासारखें आहे. त्याच्या लढायांच्या कथा आपण सर्वांनीं ऐकल्या आहेत. त्यानें घेतलेल्या कौलांची कथा मात्र क्वचितच कोणी सांगतो.

नेपोलियनचा जन्म १५ ऑगस्ट १७६९ रोजीं भूमध्य समुद्रांतील कॉर्सिका बेटांत, अजाक्सियो या गांवीं झाला. त्याच्या जन्माच्या आदल्याच वर्षीं, म्हणजे १७६८ सालीं, जेनोआच्या प्रजासत्ताकानें हें बेट फ्रान्सच्या राजाच्या हवालीं केलें होतें. बेटावरील लोकांस त्याविषयीं कोणींही विचारलें नव्हतें. नेपोलियनचा बाप कार्लो हा वकील होता; आई लेतिझिया ही करारी आणि काटकसरी बाई होती. घरांत मुलें पुष्कळ आणि पैसा बेताचा. म्हणून नवव्या वर्षींच मुलाला फ्रान्समध्यें पाठविण्यांत आलें व १७७९ सालीं त्याचें नांव ब्रिएन येथील लष्करी शाळेंत दाखल झालें. तेथें त्याचे फ्रेंच भाषेचे उच्चार ऐकून सोबती त्याची थट्टा करीत. तो एकीकडे बसून गणित आणि इतिहास यांचा अभ्यास करी. १७८५ सालीं, वयाच्या सोळाव्या वर्षीं, तो तोफखान्यांत सेकंड लेफ्टनंट झाला. राजाची सत्ता टिकून राहिली असती, तर असल्या गरीब घराण्यांतील परकी उच्चारांचा तरुण फार मोठ्या पदास चढता ना.

परंतु १७८९ सालीं फ्रान्समध्यें राज्यक्रांति झाली. राज्याचा मालक राजा नसून प्रजा होय, हें तत्त्व त्या क्रांतीनें जाहीर केलें. हें तत्त्व मान्य केल्यावर राज्यघटनेलाही प्रजेची संमति हवी, असें ओघानेंच आलें. त्याप्रमाणें १७९३ सालीं नवी राज्यघटना लोकांपुढें ठेवण्यांत आली आणि सुमारें १८ लाख लोकांनीं तिला होकार दिला. मात्र ती घटना अंमलांत कधींच आली नाहीं. १७९५ सालीं पुन्हां एक घटना लोकांपुढें आली. तिच्याबरोबर आणखी एक नियम होता : नव्या सभेंतील दोन तृतीयांश सभासद जुन्या सभेंतीलच असले पाहिजेत. हा नियम पॅरिसच्या लोकांस मुळींच रुचला नाहीं व त्यांनीं बंड केलें. सरकारानें बंड मोडण्याच्या कामीं एका तरुण सेनापतीची योजना केली. १७९३ च्या डिसेंबरांत तूलों बंदराच्या वेढ्यांत तोफांची चतुर मांडणी करून तो चोविसाव्या वर्षींच ब्रिगेडियर जनरल झाला होता. हाच नेपोलियन. ५ ऑक्टोबर १७९५ रोजीं त्यानें पॅरिसच्या रस्त्यांत तोफा डागून बंड मोडलें. लोकमत आणि तोफ यांची गांठ त्याच्या आयुष्यांत प्रथम पडली ती त्या दिवशीं. आणि जिंकली ती तोफ.

पुढील चार वर्षांत त्याची कीर्ति वाऱ्यासारखी पसरली. १७९६ सालीं जोसेफिनशीं त्याचा विवाह झाला व थोड्याच दिवसांत तो इटलीच्या मोहिमेवर निघाला. उपाशी आणि फाटक्या कपड्यांतील सैन्य घेऊन त्यानें ऑस्ट्रियाच्या सेनापतींस एकामागून एक हरविलें. १७९८ सालीं तो इजिप्तवर चालून गेला; तेथें नेल्सननें त्याचें आरमार बुडविलें, तरी त्याच्या नांवाचें तेज कमी झालें नाहीं. १७९९ च्या ऑक्टोबरांत तो इजिप्तमधील सैन्य मागें ठेवून फ्रान्सला परतला, तेव्हां देशाची स्थिति शोचनीय होती. पांच संचालकांचें सरकार दुबळें झालें होतें, खजिन्यांत पैसा नव्हता, रस्त्यांवर लुटारूंचें राज्य होतें, आणि निवडणुकीचा निकाल मनाजोगा न आल्यास तो रद्द करण्याची संवय खुद्द सरकारालाच लागली होती. लोक थकले होते. अशा थकलेल्या घराचें दार ठोठावणारास फार जोर करावा लागत नाहीं.

९ नोव्हेंबर १७९९ रोजीं कटाला प्रारंभ झाला. कटाचें निमित्त सांगून दोन्ही विधिमंडळें पॅरिसबाहेर सां-क्लू येथील राजवाड्यांत हलविण्यांत आलीं. दुसऱ्या दिवशीं नेपोलियन पांचशें सभासदांच्या मंडळांत शिरला, तेव्हां सभासदांनीं त्याला घेरून धक्काबुक्की केली, आणि रणांगणावर न डगमगणारा हा वीर गोंधळून बाहेर पडला. त्या वेळीं त्याला तारलें त्याच्या भावानें. ल्यूसियन बोनापार्ट हा त्याच मंडळाचा अध्यक्ष होता. त्यानें बाहेर येऊन सैनिकांस चिथावणी दिली. नगारे वाजूं लागले, म्यूरा हा सरदार संगिनी रोखलेल्या शिपायांसह सभागृहांत घुसला, आणि लोकांचे प्रतिनिधि खिडक्यांतून उड्या टाकून बागेंत पळाले. रात्रीं हातीं लागतील तेवढे सभासद गोळा करून त्यांच्याकडून ठराव मंजूर करून घेण्यांत आला. देशाचा कारभार तीन कॉन्सलांच्या हातीं गेला आणि त्यांत नेपोलियन होता.

सत्ता तर मिळाली. पण ती मिळाली कशी, हें सर्व जगानें पाहिलें होतें. संगिनीच्या टोंकावर मिळविलेल्या सत्तेला काहीं तरी पवित्र वस्त्र पांघरणें जरूर होतें, आणि क्रांतीनंतरच्या फ्रान्समध्यें प्रजेच्या संमतीहून पवित्र वस्त्र दुसरें नव्हतें. म्हणून डिसेंबरमध्यें नवी राज्यघटना तयार होतांच ती लोकांपुढें ठेवण्यांत आली. या घटनेच्या एका कलमांतच पहिला कॉन्सल म्हणून बोनापार्टचें नांव लिहिलेलें होतें व त्याची मुदत दहा वर्षांची ठरविली होती. घटना हवी असेल तर मनुष्यही घ्यावा लागे. एक घेऊन दुसरें टाकण्याची सोय नव्हती.

आतां मत कसें देत, तें पाहूं. गांवोगांवीं कचेऱ्यांत दोन वह्या ठेवलेल्या असत, एक होकाराची व दुसरी नकाराची. एकवीस वर्षांवरील पुरुषानें तेथें जाऊन आपल्या पसंतीच्या वहींत सर्वांदेखत नांव लिहावयाचें. ज्याला लिहितां येत नसे, त्याचें नांव दुसरा लिही. स्त्रियांस मत नव्हतें. गांवचा अधिकारी, शेजारीपाजारी, सावकार, सर्वांना कोणी कोणत्या वहींत नांव लिहिलें हें दिसे, आणि नकाराची वही उघडणारास तें नांव कायमचें सांपडे. शिवाय निकाल लागण्यापूर्वींच, २५ डिसेंबर १७९९ रोजीं, घटना अंमलांत आलीही होती. मतें चालू असतांनाच, १८०० च्या जानेवारींत, पॅरिसमधील ७३ राजकीय वर्तमानपत्रांपैकीं ६० बंद करण्याचा हुकूम सुटला. म्हणजे नकार द्यावा असें ज्याला वाटे, त्याला तसें छापून सांगण्याचीही जागा उरली नाहीं.

फेब्रुवारी १८०० मध्यें निकाल जाहीर झाला. होकार ३०,११,००७ आणि नकार १,५६२. हे आंकडे पाहून फ्रान्स व युरोप थक्क झाले. परंतु हे आंकडे जुळविणारें खातें अंतर्गत कारभाराचें होतें आणि त्या खात्याचा मंत्री होता तोच भाऊ ल्यूसियन. दफ्तरखान्यांतील कागद मात्र सावकाश बोलतात. पावणेदोनशें वर्षांनंतर, १९७२ सालीं, क्लोद लांग्ल्वा या फ्रेंच इतिहासकारानें जिल्ह्यांहून आलेले मूळ कागद तपासून दाखवून दिलें कीं, खरे होकार सुमारें १५ लाखच होते. जिल्ह्यांचे आंकडे मंत्र्याच्या कचेरींत फुगविले गेले आणि सैन्याचीं सुमारें पांच लाख मतें तर बेरजेंत तशींच घालण्यांत आलीं. मताचा हक्क असलेल्या पुरुषांपैकीं बहुसंख्य लोक घरींच बसले होते. त्यांचें मौनही होकारांत जमा झालें.

येथें नेपोलियनवर अन्याय होतां कामा नये. पहिलीं कांहीं वर्षें त्यानें देशाची जी घडी बसविली, ती खरोखर मोलाची होती. १८०० सालीं बँक ऑफ फ्रान्स स्थापन झाली. प्रत्येक जिल्ह्याला प्रीफेक्ट नांवाचा जबाबदार अधिकारी मिळाला. १८०१ सालीं पोपशीं तह होऊन दहा वर्षांचें धार्मिक भांडण शमलें. १८०२ सालीं सरकारी विद्यालयें निघालीं. आणि १८०४ सालीं दिवाणी कायद्यांची ती प्रसिद्ध संहिता पुरी झाली, जिची छाप अनेक देशांच्या कायद्यांवर अद्यापि आहे. १८०२ च्या मार्चमध्यें आम्याँ येथें इंग्लंडशीं तह झाला, तेव्हां दहा वर्षांनंतर प्रथमच फ्रान्सला शांतता लाभली. मात्र त्याच वर्षीं त्यानें वसाहतींतील गुलामगिरी कायद्यानें चालू ठेविली, हेंही विसरून चालणार नाहीं. ज्या काळ्या माणसांच्या पायांत ती बेडी पडावयाची होती, त्यांचा कौल कोणीं घेतला?

तहाच्या आनंदाच्या भरांत दुसरा कौल घेण्यांत आला. सीनेटनें त्याची मुदत आणखी दहा वर्षें वाढविण्याचें ठरविलें होतें. नेपोलियनला तें अपुरें वाटलें. त्यानें मोठ्या नम्रपणें कळविलें कीं, असा मान प्रजेच्या इच्छेवांचून घेणें योग्य नव्हे. आणि प्रजेपुढें जो प्रश्न गेला तो दहा वर्षांचा नव्हता, तर नेपोलियन बोनापार्टनें तहहयात कॉन्सल असावें कीं काय, हा होता. ऑगस्ट १८०२ मध्यें निकाल लागला. होकार ३५ लाखांहून अधिक, नकार आठ हजारांच्या किंचित् वर. या वेळचे होकार पुष्कळ अंशीं मनापासून होते, असें इतिहासकार मानतात. परंतु नकार देणाऱ्यांतील एक नांव फार मोठें आहे. अमेरिकेच्या स्वातंत्र्यासाठीं लढलेला लाफायेत हा नेपोलियनचा ऋणी होता, कारण ऑस्ट्रियाच्या तुरुंगांतून त्याची सुटका नेपोलियनच्या विजयांमुळें झाली होती. तरीही, देशांतील स्वातंत्र्याची हमी मिळेपर्यंत आपण होकार देऊं शकत नाहीं, असें त्यानें लिहून दिलें, व तें नेपोलियनला पत्रानें कळविलेंही. उपकार आणि संमति या दोन गोष्टी त्यानें निराळ्या ठेविल्या.

निकालानंतर दोनच दिवसांनीं घटनेंत बदल झाला व आपला वारस नेमण्याचा अधिकार पहिल्या कॉन्सलला मिळाला. हा प्रश्न लोकांस विचारावा अशी सूचना आधीं झाली होती, ती खुद्द नेपोलियननेंच खोडली होती. जें विचारलें त्याच्या आडून न विचारलेलें मिळविण्याची ही युक्ति होती.

तिसरा कौल १८०४ सालचा. त्या वर्षीं नेपोलियनच्या प्राणावर उठलेला एक कट उघडकीस आला. त्याच्या रागांत आंघ्याँ या राजवंशीय तरुण ड्यूकला परमुलुखांतून पकडून आणण्यांत आलें आणि घाईघाईचा इन्साफ करून २१ मार्च रोजीं गोळ्या घालून ठार मारण्यांत आलें. पुढें दोन महिन्यांतच, १८ मे रोजीं, सीनेटनें नेपोलियनला फ्रेंचांचा बादशहा म्हणून जाहीर केलें. बादशहा असावा कीं नसावा, हें लोकांस विचारलेंच नाहीं. बादशाही त्याच्या कुळांत वंशपरंपरा चालावी कीं नाहीं, एवढेंच विचारलें. होकार ३५ लाख ७२ हजारांवर गेले आणि नकार अडीच हजारांच्या आसपास राहिले. अकरा वर्षांपूर्वीं राजाचें मस्तक उडविण्याचा अभिमान मिरविणारीं माणसेंही आतां मुकाट्यानें होकाराच्या वहींत नांव लिहीत होतीं. मात्र कार्नो नांवाचा एक पुरुष बोलला. क्रांतीच्या कठीण काळीं चौदा सैन्यें उभीं करून देश वाचविणारा हाच तो कार्नो. १८०२ सालीं त्यानें तहहयात पदाला नकार दिला होता. १८०४ सालीं विधिमंडळांत बादशाहीविरुद्ध तो एकटाच उघडपणें उभा राहिला. २ डिसेंबर १८०४ रोजीं नोत्र-दाम या मंदिरांत, पोप सातवे पायस यांच्या समक्ष, नेपोलियननें स्वतःच्या हातानें मुकुट मस्तकावर ठेविला.

यानंतर दहा वर्षें प्रजेचा कौल कोणींही घेतला नाहीं. १८०५ सालीं ऑस्टर्लिट्झ, १८०६ सालीं येना, असे विजयामागून विजय मिळत गेले. १८०८ सालीं स्पेनमध्यें सैन्य घुसलें व तेथील युद्ध वर्षानुवर्षें चिघळत राहिलें. १८१२ च्या जूनमध्यें सुमारें सहा लाखांची फौज रशियावर निघाली; हिवाळ्यांत तिचा लहानसा अवशेष परत आला. गांवोगांवचे तरुण सक्तीनें भरती होत होते आणि परत येत नव्हते. राज्यपदाची मुदत किती असावी, तें कोणाच्या कुळांत राहावें, हें लोकांस विचारलें गेलें होतें. परंतु ज्या गोष्टीपायीं त्यांचे मुलगे मरावयाचे होते, ती गोष्ट मात्र त्यांना कधींच विचारली नाहीं. १८१३ सालीं लाइप्झिग येथें मोठा पराभव झाला. १८१४ च्या एप्रिलमध्यें, ज्या सीनेटनें त्याला बादशहा केलें होतें, त्याच सीनेटनें त्याला पदच्युत केलें. पस्तीस लाख होकारांपैकीं एकही त्याच्या आड उभा राहिला नाहीं.

तो एल्बा बेटावर गेला. पण वर्षाच्या आंतच, १ मार्च १८१५ रोजीं, मूठभर शिपाई घेऊन फ्रान्सच्या किनाऱ्यावर उतरला आणि २० मार्चला पॅरिसमध्यें पोहोंचला. या वेळीं त्यानें लोकांस अधिक स्वातंत्र्य देऊं केलें. जुना विरोधक कार्नो देशावरील संकट पाहून त्याचा मंत्री झाला. नव्या घटनेवर चौथा कौल घेण्यांत आला. होकार सुमारें १५ लाख, नकार सुमारें पांच हजार. बहुतेक लोक घरींच राहिले, पण या वेळीं आंकडे फुगविले नाहींत. १ जून रोजीं मोठ्या समारंभानें निकाल वाचण्यांत आला आणि अठरा जूनला वॉटर्लूच्या रणांगणावर सर्व संपलें. त्याला तेथें हरविणारा वेलिंग्टन हा बारा वर्षांपूर्वीं, १८०३ सालीं, आपल्या जालना जिल्ह्यांतील आसई येथें शिंदे-भोसल्यांच्या फौजांशीं लढून गेलेला होता. नेपोलियनला इंग्रजांनीं दूरच्या सेंट हेलेना बेटावर नेऊन ठेविलें आणि तेथेंच ५ मे १८२१ रोजीं, वयाच्या ५१ व्या वर्षीं, त्याचा अंत झाला. आपण प्रजेनें निवडलेला राजा होतों, हें तो अखेरपर्यंत सांगत राहिला.

त्याचा धडा त्याच्या पुतण्यानें नीट गिरविला. लुई नेपोलियननें २ डिसेंबर १८५१ रोजीं लष्कराच्या मदतीनें विधिमंडळ मोडलें, विरोधकांस तुरुंगांत टाकलें व मग त्याच महिन्यांत लोकांचा कौल घेऊन सुमारें ७४ लाख होकार मिळविले. तोही बादशहा झाला. १८७० च्या मे महिन्यांत त्याला पुन्हां ७३ लाखांवर होकार मिळाले. सप्टेंबरमध्यें तो सेदाँ येथें शत्रूच्या हातीं सांपडला, आणि दोन दिवसांत पॅरिसनें त्याचें राज्य बुडविलें.

विसाव्या शतकांतही अनेक सेनापतींनीं हाच मार्ग धरला. परंतु एक उदाहरण निराळें आहे. दक्षिण अमेरिकेंतील चिली देशांत सेनापति पिनोचे यानें १९७३ सालीं सत्ता बळकावली. १९८० सालीं मतदारांच्या याद्यांवांचूनच त्यानें आपल्या घटनेला होकार मिळविला. मात्र ५ ऑक्टोबर १९८८ रोजींच्या कौलाच्या वेळीं याद्या नव्यानें झाल्या, मत गुप्त राहिलें, विरोधकांस रोज दूरचित्रवाणीवर बोलण्यास वेळ मिळाला आणि मोजणीच्या वेळीं त्यांचीं माणसें हजर होतीं. सुमारें शेंकडा ५६ लोकांनीं नकार दिला व १९९० सालीं त्याला अध्यक्षपद सोडावें लागलें. कळ्या दोन्ही बाजूंस सारख्या सैल लावल्या, तेव्हां खरा कौल मिळाला.

विद्यार्थिमित्रांनो, नेपोलियनची बुद्धि, त्याची मेहनत आणि त्याचें धैर्य यांचा गौरव जरूर करावा. पण त्याच्या चार कौलांकडे पाहून एक गोष्ट मनांत ठेवावी. किती हात वर झाले, एवढेंच मोजून संमति कळत नाहीं. प्रश्न कोणीं लिहिला, दुसरी बाजू मांडण्यास मोकळीक होती काय, नकार देणारा निर्भयपणें घरीं गेला काय, आणि मतें कोणीं मोजलीं, हेंही विचारावें लागतें. वर्गाचा प्रमुख निवडतांना शिक्षकांच्या देखत हात वर करणें आणि चिठ्ठीवर नांव लिहून पेटींत टाकणें, यांतील फरक तुम्हांस ठाऊक आहेच. आपल्या देशांत १९५१-५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीपासून प्रत्येक प्रौढ स्त्रीपुरुषाला गुप्त मताचा हक्क मिळाला आहे. पालकांनीं तो हक्क बजावून घरीं परतल्यावर या साध्या चिठ्ठीचें मोल मुलांस सांगावें. फ्रान्सच्या खेड्यांतील ज्या हजार-दीड हजार माणसांनीं १८०० सालीं सर्वांदेखत नकाराच्या वहींत आपलें नांव लिहिलें, त्यांपैकीं बहुतेकांचीं नांवें इतिहास विसरला आहे. परंतु तीस लाखांच्या त्या फुगलेल्या आंकड्यापेक्षां त्या थोड्या सह्याच आज अधिक खऱ्या वाटतात.